सा कोठे आहे?

[कोणतीही कला हाती येण्यासाठी पाठांतर लागतेच. परंतु पाठ केलेली गोष्ट नव्या जागी नेण्याची वेळ येते, तेव्हा तिच्यामागील कारणही ठाऊक असावे लागते. यवतमाळ जिल्ह्यातील एका मुलीला गिटार शिकताना हा अनुभव कसा आला, ते ती या पाठात सांगत आहे.]

आमचे गाव यवतमाळ जिल्ह्यातील घाटंजी तालुक्यात आहे. गावाभोवती कापसाची व तुरीची शेते आहेत आणि त्यांच्या पलीकडे सागाचे रान पसरले आहे. माझे आजोबा सुतार. सागवानाच्या चौकटी, दारे आणि देव्हारे करण्यात त्यांचा जन्म गेला. आता वयोमानामुळे जड काम त्यांच्याने होत नाही. परंतु अंगणातील कडुनिंबाखाली त्यांचा रंधा आणि पटाशी अजून रोज बाहेर निघतात. एकादशीच्या रात्री गावच्या भजनात ते पेटी वाजवितात.

मी सातवीत होते, तेव्हाची ही गोष्ट. माझा चुलतभाऊ नागपुरास शिकत असे. एका सुट्टीत त्याने आपली जुनी गिटार घरी आणली आणि परत जाताना ती मजजवळ ठेवली. तिच्याबरोबर चित्रांचे एक लहानसे पुस्तकही होते. चित्रातील सहा उभ्या रेघा म्हणजे सहा तारा, आडव्या रेघा म्हणजे दांडीवरील पडदे आणि काळे ठिपके म्हणजे बोटे ठेवावयाच्या जागा. या प्रमाणे बोटे ठेवून सर्व तारा एकदम छेडल्या, की अनेक स्वर एकत्र वाजत आणि त्यांतून भरदार नाद उमटे. स्वरांच्या अशा समूहाला कॉर्ड म्हणतात. चार महिन्यांत मी बारा चित्रे पाठ केली. मला गिटार येऊ लागली, असे सारे घर म्हणू लागले. आणि खरे सांगावयाचे तर मलाही तसेच वाटू लागले.

त्या वर्षी शाळेच्या स्नेहसंमेलनात माझ्या मैत्रिणीचे गीत ठरले व तिला साथ करण्याचे काम मजकडे आले. गाण्यासाठी तीन कॉर्ड लागत. त्या मी डोळे मिटून वाजवू शकत होते. तालमीच्या पहिल्या दिवशी मात्र निराळाच प्रसंग उभा राहिला. गीताच्या अंतऱ्यात मैत्रिणीचा गळा वर पोचेना. तिचा आवाज चिरकू लागला. संगीताचे गुरुजी शांतपणे म्हणाले, “पांढरी पाच हिला उंच पडते. आपण पांढरी चारमध्ये गाऊ या.” त्यांनी पेटीवरची बोटे एक पांढरी पट्टी खाली आणली आणि तेच गीत पुन्हा सुरू केले. मैत्रीण सहज गाऊ लागली. माझे हात मात्र जागच्या जागी थिजले. तीन चित्रे मला पाठ होती; परंतु त्या चित्रांना एक पायरी खाली कसे उतरवावे, हे मला ठाऊक नव्हते. सारे वर्गबंधू माझ्याकडे पाहत होते. मी गिटार मांडीवरून खाली ठेवली.

गुरुजी म्हणाले, “संमेलनास अजून तीन आठवडे आहेत. तोवर जमले तर साथीला बस. न जमल्यास पेटी आहेच.” त्यांच्या बोलण्यात राग नव्हता. तरीही घरी येईपर्यंत माझ्या डोळ्यांतील पाणी थांबले नाही.

आजोबांनी सर्व ऐकून घेतले आणि विचारले, “गाणे पाठ आहे, बोटेही पाठ आहेत, मग अडले कोठे?”

मी म्हटले, “आजोबा, सा खाली सरकला.”

“असे होय! मग तुझ्या या वाद्यावर सा कोठे आहे, ते मला दाखव पाहू.”

मी दांडीकडे पाहत राहिले. सहा तारा होत्या, एकोणीस पडदे होते. पण सा कोठे आहे, हे मला सांगता येईना. मला जागा पाठ होत्या. त्या जागी कोण राहते, ते मी कधी विचारलेच नव्हते.

दुसऱ्या दिवशी सकाळी आजोबांनी सागवानाची एक जुनी फळी काढली. तिच्यावर बरोबर ३६ इंचांच्या अंतराने लाकडाच्या दोन घोड्या बसविल्या आणि त्यांच्यावरून सतारीची एक पोलादी तार ओढून घट्ट ताणली. तार छेडून ते म्हणाले, “संपूर्ण तारेचा हा स्वर आपण सा मानू. आता तू गात जा आणि मी तारेखाली ही छोटी घोडी सरकवीत जातो. तुझा स्वर आणि तारेचा स्वर एक झाला, की थांब म्हण.”

मी वरचा सा गायिले. घोडी सरकत सरकत एका जागी आली आणि दोन्ही स्वर एकरूप झाले. आजोबांनी मापपट्टी लावली. उरलेली तार १८ इंच होती, म्हणजे बरोबर अर्धी. मग प शोधला. तो २४ इंचांवर मिळाला. संपूर्ण लांबीच्या दोन तृतीयांश! म २७ इंचांवर सापडला; म्हणजे तीन चतुर्थांश. रे ३२ इंचांवर आला. ग मात्र २८ आणि २९ इंचांच्या मध्ये होता. हिशेब केला, तेव्हा तो ३६ च्या चार पंचमांश, म्हणजे २८.८ इंच निघाला. जो स्वर मी आजवर केवळ कानाने ओळखीत होते, तो आता मापपट्टीवर उभा राहिला होता. मला मोठे नवल वाटले.

मुलांनो, हे नवल फार पुरातन आहे. ग्रीस देशातील पायथागोरसच्या नावाशी तारेच्या लांबीचा हा नियम जोडला जातो. आपल्याकडे तेराव्या शतकात देवगिरीच्या यादव राजा सिंघण याच्या पदरी शार्ङ्गदेव नावाचे पंडित होते. त्यांनी ‘संगीतरत्नाकर’ हा थोर ग्रंथ लिहिला व त्यात वीणेच्या आधारे स्वर आणि श्रुती यांचे विवेचन केले. देवगिरी म्हणजे आजचे दौलताबाद. पुढे सतराव्या शतकात अहोबल पंडितांनी ‘संगीतपारिजात’ या ग्रंथात वीणेच्या तारेचे भाग पाडून स्वरांच्या जागा सांगितल्या. कान जे सांगतो ते मोजूनही दाखविता येते, ही जाणीव आपल्या पूर्वजांना होती.

त्यानंतर आम्ही गिटारीकडे वळलो. तिच्या तारेची लांबी ६५० मिलिमीटर भरली. बारावा पडदा शेवटच्या घोडीपासून बरोबर ३२५ मिलिमीटरांवर होता. “पाहा,” आजोबा म्हणाले, “येथे तार अर्धी होते. म्हणजे मोकळ्या तारेपासून वरच्या सापर्यंत बारा पायऱ्या आहेत.”

मी विचारले, “परंतु आजोबा, शिडीच्या पायऱ्या सारख्या अंतरावर असतात. हे पडदे तर घोडीकडे जाताना एकमेकांच्या जवळ येत जातात. असे का?”

“मोजून पाहू,” ते म्हणाले. पहिले अंतर सुमारे साडेछत्तीस मिलिमीटर होते, दुसरे सुमारे साडेचौतीस आणि तिसरे साडेबत्तीस. मी उत्साहाने सांगितले, “प्रत्येक अंतर दोन मिलिमीटरांनी कमी होते!” आजोबांनी होकार दिला नाही. त्यांनी मला बाराव्या पडद्यापर्यंत हिशेब करावयास लावला. माझ्या नियमाप्रमाणे बारावे अंतर साडेचौदा मिलिमीटर यावयास हवे होते. पण पट्टीवर ते एकोणिसाहून थोडे अधिक भरले. माझा नियम मोडला. तीन मापांवरून नियम बांधण्याची घाई मी केली होती.

मग आजोबांनी प्रत्येक अंतराची तुलना उरलेल्या तारेशी केली. ६५० चा सुमारे अठरावा भाग म्हणजे पहिले अंतर. ते वजा करता जी तार उरली, तिचा सुमारे अठरावा भाग म्हणजे दुसरे अंतर. पुन्हा उरलेल्या तारेचा तेवढाच भाग म्हणजे तिसरे. तार आखूड होत जाते, म्हणून तिचा अठरावा भागही लहान होत जातो. डोळ्यांना पायऱ्या लहानमोठ्या दिसतात. कानाला मात्र त्या सर्व सारख्याच वाटतात. पुढे मला वाचनात आढळले, की दुर्बिणीतून गुरूचे उपग्रह पाहणाऱ्या गॅलिलिओचे वडील विन्चेन्झो गॅलिली यांनी इ. स. १५८१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात पडदे बसविण्यासाठी हाच अठराव्या भागाचा नियम सांगितला होता. आज कारागीर १८ ऐवजी सुमारे १७.८ ने भागतात, म्हणजे बारावा पडदा अगदी मध्यावर येतो. एवढाच काय तो फरक.

आजोबांनी चौथा पडदा दाबून तार छेडली, कान दिला आणि कपाळाला आठी घातली. “तुझ्या गिटारीचा ग फळीवरच्या गपेक्षा किंचित चढा आहे,” ते म्हणाले. त्यांचा कान खरा होता. बारा पायऱ्या सारख्या करावयाच्या म्हटल्यावर काही स्वरांना आपल्या नैसर्गिक जागेपासून थोडे हलावे लागते. प जवळजवळ जागेवरच राहतो. ग मात्र ३६ इंचांच्या तारेवर पाव इंचाच्या आसपास सरकतो.

“मग आपली सतार चांगली म्हणावयाची का?” मी विचारले.

आजोबा हसले. तरुणपणी पंढरपूरच्या वारीला गेले असता ते पुढे मिरजेपर्यंत जाऊन आले होते. तेथील सतारी बनविणाऱ्यांची गल्ली त्यांनी पाहिली होती. एकोणिसाव्या शतकात फरीदसाहेब शिकलगार यांनी मिरजेत तंतुवाद्ये घडविण्यास प्रारंभ केला. शिकलगार म्हणजे शस्त्रांना धार लावणारे. पण त्यांच्या घराण्याने हातातील कसब तंतुवाद्यांकडे वळविले. पंढरपूर-मंगळवेढ्याकडील भोपळे आणि तून किंवा साग यांचे लाकूड यांतून तेथे सतारी व तंबोरे आकारास येतात. इ. स. २०२४ मध्ये मिरजेच्या सतार-तंबोऱ्यांना भौगोलिक मानांकनही मिळाले.

“सतारीचे पडदे दोऱ्याने बांधलेले असतात,” आजोबा म्हणाले. “वादक रागाप्रमाणे ते मागेपुढे सरकवितो, म्हणून हवा तो ग त्याला अगदी बरोबर लावता येतो. तेथे सा स्थिर असतो आणि पडदे सरकतात. तुझ्या गिटारीचे पडदे दांडीत ठोकून बसविले आहेत. ते हलत नाहीत. म्हणून येथे साच सरकू शकतो. कोणत्याही पडद्याला सा म्हण, पुढच्या पायऱ्या तुला सारख्याच मिळतील. एका वाद्याने एक गुण घेतला, दुसऱ्याने दुसरा. सुताराने पटाशी चांगली की करवत चांगली, असे भांडत बसू नये.”

त्या दिवसापासून मी चित्रांचे पुस्तक मिटले आणि एकाच तारेवर सप्तक शोधू लागले. सा पासून रे दोन पडद्यांवर, रे पासून ग दोन, ग पासून म एक, म पासून प दोन, प पासून ध दोन, ध पासून नी दोन आणि नी पासून वरचा सा एक. दोन, दोन, एक. दोन, दोन, दोन, एक. बेरीज बारा. पंडित विष्णु नारायण भातखंडे यांनी हिंदुस्थानी रागांची विभागणी दहा थाटांत केली आहे. त्यांतील बिलावल थाटाची ही चाल. ग आणि नी एकेक पडदा खाली घेतले, तर काफी थाट होतो. सतारीवरील पडद्यांच्या मांडणीलाही वादक थाटच म्हणतात.

दांडीवर आडवे जाण्याचा मार्गही मग उलगडला. सर्वांत जाड तारेवर पाचवा पडदा दाबला, की शेजारच्या मोकळ्या तारेचा स्वर मिळतो. म्हणून सापासून पाच पडद्यांवर असणारा म शेजारच्या तारेवर साच्या अगदी बाजूलाच सापडतो आणि त्याच्यापुढे दोन पडद्यांवर प असतो. हात फार न हलविता सप्तक हाताखाली येते. तारांच्या पाच जोड्यांपैकी चार जोड्यांत हेच नाते आहे. जाड तारेपासून मोजता चौथी आणि पाचवी यांत मात्र पाचऐवजी चार पडद्यांचे अंतर आहे. तेवढे ध्यानात ठेवले, की वाट चुकत नाही.

आता त्या कॉर्डच्या आत कोण आहे, हे पाहणे उरले होते. माझ्या पुस्तकातील पहिल्या चित्राप्रमाणे मी बोटे ठेवली आणि एकेक तार निराळी छेडली. जाड तारेपासून क्रमाने स्वर आले: सा, प, सा, ग, प, सा. सहा तारा, पण स्वर तीनच! ग वाजविणारे बोट उचलताच तेथे कोमल ग आला आणि त्या प्रसन्न नादावर एकदम उदास छाया पसरली. एका बोटाने एवढा पालट होतो, हे मी चार महिन्यांत एकदाही ऐकले नव्हते.

या कॉर्डमध्ये तीन तारा मोकळ्या होत्या. आजोबा म्हणाले, “मोकळ्या तारा सरकत नाहीत, म्हणून तुझे चित्र सरकत नाही. तर्जनी सहाही तारांवर आडवी ठेव. ती तुझी सरकती घोडी. बाकीची बोटे तिच्यापुढे त्याच आकारात मांड. मग सारा आकार दांडीवर कोठेही नेता येईल.”

मोकळी जाड तार पांढरी तीनमध्ये बोलत होती. म्हणून पहिला पडदा म्हणजे पांढरी चार आणि तिसरा पडदा म्हणजे पांढरी पाच. गाण्यातील तीन कॉर्ड सा, म आणि प यांवर उभ्या होत्या. पांढरी पाचमध्ये त्यांच्या जागा तिसरा, आठवा आणि दहावा पडदा. पांढरी चारमध्ये त्या पहिला, सहावा आणि आठवा झाल्या. आकार एकच, अंतरे तीच. सा तेवढा दोन पडदे खाली आला होता. जे ओझे मला डोंगराएवढे वाटले होते, ते कागदावर एका ओळीत मावले.

परंतु कागदावर मावले म्हणून बोटांना जमले, असे मात्र नव्हे. सहा तारा एका तर्जनीने दाबणे सोपे नसते. पहिल्या पडद्याजवळ तर तारा फारच कडक लागतात. पहिल्या आठवड्यात निम्म्या तारा मुक्या राहत व उरलेल्या खरखरत. बोटावर चर पडले. मनगट दुखू लागले, की आजोबा मला थांबवीत आणि म्हणत, “रंधा जोराने नव्हे, नीट धरल्याने चालतो.” मग मी बोटाची कूस थोडी फिरवून पाहिली, कोपर अंगाजवळ घेतले आणि पडद्याच्या अगदी लगत दाबू लागले. दुसऱ्या आठवड्याच्या अखेरीस एकदा सहाही तारा स्वच्छ बोलल्या. तो नाद ऐकून आजी स्वयंपाकघरातून बाहेर आली.

संमेलनाच्या संध्याकाळी मैत्रीण पांढरी चारमध्ये गायिली. तिचा गळा अंतऱ्यात मोकळेपणाने वर गेला. माझी साथ निर्दोष झाली, असे मी म्हणणार नाही. सहाव्या पडद्याकडे जाताना एकदा हात उशिरा पोचला आणि एक तार खरखरली. तरी मी थांबले नाही. कारण पुढे कोठे जावयाचे, ते मला ठाऊक होते. गीत संपल्यावर मी समोर पाहिले. शेवटच्या रांगेत आजोबा पागोटे सावरीत उभे होते.

ती सागवानाची फळी आजोबांनी नंतर शाळेला दिली. आजही आमचे गुरुजी पाचवीच्या मुलांसमोर ती ठेवतात, तार छेडतात आणि पहिला प्रश्न विचारतात, “सांगा पाहू, सा कोठे आहे?”

शब्दार्थ

घोडी – तार ज्यावर टेकते तो लाकडाचा वा हाडाचा उंचवटा. पडदे – तंतुवाद्याच्या दांडीवरील आडव्या पट्ट्या. पांढरी चार, पांढरी पाच – पेटीवरील पट्ट्यांच्या क्रमावरून सांगितलेली स्वराची उंची. सप्तक – सा ते नी या सात स्वरांचा समूह. चढा – मूळ जागेपेक्षा थोडा उंच. कसब – हातातील कौशल्य. चर – दाबाने पडलेली खोलगट रेघ.

स्वाध्याय

१. पुढील प्रश्नांची दोनतीन वाक्यांत उत्तरे लिहा.
(अ) बारा चित्रे पाठ असूनही मुलीला तालमीत साथ का करता आली नाही?
(आ) मुलीने पडद्यांच्या अंतराविषयी बांधलेला पहिला नियम कोठे चुकला?
(इ) गिटारीचे पडदे घोडीकडे जाताना जवळ का येत जातात?

२. सतार आणि गिटार यांच्या पडद्यांमधील फरक व त्यामुळे प्रत्येक वाद्यास मिळणारा लाभ तुमच्या शब्दांत सांगा.

३. हिशेब करा.
(अ) सा पाचव्या पडद्यावर धरला, तर त्याच तारेवर म आणि प कोणत्या पडद्यांवर येतील?
(आ) ३६ इंचांच्या तारेखाली घोडी अशी ठेवली, की एका बाजूस २४ इंच तार राहील. दुसऱ्या बाजूस किती इंच तार उरेल? ती छेडल्यास कोणता स्वर ऐकू येईल?

४. “सुताराने पटाशी चांगली की करवत चांगली, असे भांडत बसू नये.” या वाक्यातून आजोबांना काय सुचवावयाचे आहे?

५. पुढील शब्दसमूहांचा वाक्यांत उपयोग करा: जागच्या जागी थिजणे, कपाळाला आठी घालणे, कान देणे, आकारास येणे.

६. उपक्रम: एका फळीवर तार ताणून अर्ध्या, दोन तृतीयांश आणि तीन चतुर्थांश लांबीवर मिळणारे स्वर शिक्षकांच्या मदतीने पेटीवर ताडून पाहा. तुम्ही पाठ केलेली, पण कारण न समजलेली अशी एखादी गोष्ट निवडा व तिचे कारण शोधून दहा ओळी लिहा.